पहिला मराठी सिनेमा प्रोड्यूस करताय? मग या चुका टाळा

शूटिंगचं पॅकअप झालं, युनिटने केक कापला आणि खात्यात उरले सव्वा लाख. माझ्या पहिल्या सिनेमाचं हेच झालं, आणि तेव्हा एडिट, डबिंग, साउंड मिक्स, डीसीपी (थिएटरला द्यायची डिजिटल कॉपी), पब्लिसिटी सगळंच बाकी होतं. पुढची दीड वर्षं सिनेमा हार्ड डिस्कमध्ये पडून राहिला. म्हणून आता नवीन कुणी भेटायला आलं की मी आधी हेच सांगतो, पोस्ट, म्हणजे शूटिंगनंतरची कामं, आणि पब्लिसिटीचे पैसे वेगळ्या खात्यात टाका आणि शेड्यूल कितीही अडलं तरी त्याला हात लावू नका, दोन सीन कमी झाले तरी चालतील.

दुसरं, लेखक मित्रच आहे, कागद नंतर करू, असं अजिबात करू नका. 1957 च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम 19 प्रमाणे हक्क लेखी आणि सहीनिशीच द्यावे लागतात, आणि करारात मुदत लिहिली नसेल तर ती फक्त 5 वर्षं धरतात, प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. ओटीटीवाले सगळ्यात आधी हेच कागद मागतात. संगीतकार, गीतकार, सगळ्यांचे करार शूटिंगच्या आधी करा.

आणि प्राणी असतील तर जास्तच सांभाळा. आमच्याकडे बैलजोडीचा एक शॉट होता, वाईजवळच्या शेतात, पहाटेचं धुकं, म्हातारा नांगर थांबवून बैलाच्या पाठीवरनं हात फिरवतो आणि काहीच बोलत नाही, कॅमेरामनने त्यासाठी तीन पहाटा वाट बघितली होती. बैल त्याच शेतकऱ्याचे, रोज त्याच शेतात राबणारे, त्यामुळे परवानगी लागेल हे कुणाच्या डोक्यातच आलं नाही. पण अ‍ॅनिमल वेल्फेअर बोर्डाची परवानगी शूटिंगच्या आधीच घ्यावी लागते आणि सेन्सॉरला त्यांची एनओसी जोडावी लागते. आमच्याकडे नव्हती. शॉट सिनेमातून कापावा लागला. त्या नटाचं सगळ्यात सुंदर काम त्यातच होतं, मला अजून वाईट वाटतं.

सेन्सॉर सर्टिफिकेट हातात येईपर्यंत रिलीजची तारीख जाहीर करू नका, एवढंच.

कलेक्शनचं गणित मात्र नीट समजून घ्या. 200 रुपयांच्या तिकिटातून 18 टक्के जीएसटी गेला की नेट उरतात साधारण 169, मल्टिप्लेक्समध्ये पहिल्या आठवड्यात त्यातले निम्मे आपल्याकडे येतात असं धरा म्हणजे 85 च्या आसपास, पुढच्या आठवड्यांत तो वाटाही कमी होत जातो, शिवाय डिस्ट्रिब्युटरचं कमिशन आणि डिजिटल प्रोजेक्शनची फी, म्हणजे व्हीपीएफ, वेगळी. पैसे लावणाऱ्याला हा हिशोब पहिल्याच मीटिंगला कागदावर दाखवा, तो नाही म्हणाला तरी चालेल. सरकारी अनुदान या हिशोबात धरू नका, ते सिनेमा पूर्ण होऊन परीक्षण झाल्यावर मिळतं, आणि मिळेलच असंही नाही.

मिक्सिंगच्या वेळी एम अँड ई ट्रॅक, म्हणजे संवाद सोडून फक्त म्युझिक आणि इफेक्ट्स, तेव्हाच वेगळा काढून घ्या. नंतर डबिंगसाठी कुणी मागितला तर स्टुडिओ परत बुक करावा लागतो.