धारप-मतकरी वाचून झाले, आता कोण? आजचे भयकथाकार शोधायचे कसे

नारायण धारप वाचून झाले, रत्नाकर मतकरी दोनदा झाले, आणि मग लोक म्हणतात की आता चांगलं भय कोणी लिहीतच नाही. लिहितात हो, आपण शोधतो चुकीच्या जागी. टॉप टेनवाल्या याद्या सोडा, त्यात तीच तीच नावं फिरत असतात.

आधी बघा तुम्हाला नेमकी भीती कशाची वाटते. धारपांकडे बऱ्याचदा बाहेरून काहीतरी अमानवी येतं आणि कोणीतरी त्याच्याशी झुंजतो, मतकरींकडे ते साध्या घरातल्या साध्या माणसाच्या मनातनंच वर येतं. यातलं तुम्हाला जास्त काय झोंबतं ते कळलं की नवीन लेखक निवडणं खूप सोपं होतं.

मग दिवाळी अंक. ठाण्यात मराठी ग्रंथसंग्रहालय आहे, १८९३ पासूनचं, तिथे नाहीतर जवळच्या कुठल्याही वाचनालयात 'धनंजय', 'नवल' यांचे जुने अंक मिळतात का विचारा, चार-पाच वर्षांचे मिळाले तर उत्तमच. अनुक्रमणिकेत जी नावं परत परत दिसतात ती मोबाईलमध्ये लिहून ठेवा. आठवड्याने यादी उघडा, आणि ज्याची गोष्ट अजून डोक्यात आहे फक्त त्याचाच कथासंग्रह घ्या, बाकीची नावं खोडा.

माझं कळकळीचं सांगणं एकच, नवीन लेखकाची सुरुवात कादंबरीने करू नका. किंडलवर सॅम्पल वाचून मी एकदा जाडजूड कादंबरी घेतली, पहिली चाळीस पानं अंगावर काटा, आणि मग नुसतं स्पष्टीकरण, भूत कोण होतं, कुठून आलं, सगळं सांगून टाकलं आणि भीती तिथेच मेली. भयकथेची सुरुवात बऱ्याच जणांना जमते, पण लेखक कळतो तो शेवटाला, आणि सॅम्पलमध्ये शेवट नसतोच ना. म्हणून कथा घ्या आणि पूर्ण वाचा. ठाण्याहून वाशीची ट्रान्स हार्बर लोकल पकडली की ऐरोली-घणसोली करत उतरेपर्यंत एक कथा आरामात होते. उतरल्यावरही मन तिथेच अडकलेलं असेल तर तो लेखक तुमचा.

इंग्रजी वाचत असाल तर शर्ली जॅक्सन अवॉर्ड या भयसाहित्याच्या पुरस्काराची नामांकनं बघा, नुसते विजेते नको, नामांकनांची अख्खी यादी, त्यातही कथासंग्रहांचा विभाग आधी. नेथन बॅलिंग्रुडच्या संग्रहाला हा पुरस्कार मिळालाय, माणसाचं एकटेपण आणि राक्षस एकाच गोष्टीत आणतो तो, मतकरी आवडणाऱ्यांनी नक्की बघा. एलन डॅटलो २००९ पासून वर्षातल्या निवडक भयकथांचं संकलन काढतात, एका पुस्तकात डझनभर तरी लेखक चाखायला मिळतात. अर्जेंटिनाची मारियाना एन्रिकेझ इंग्रजी अनुवादात मिळते, तिच्याकडे भुतांच्या मागे देशातली हुकूमशाही उभी असते, ती भीती वेगळीच.

रिव्ह्यू वाचताना 'झोप उडाली' एवढंच लिहिलं असेल तर पुढे जा. गोष्टीत भीती कशी चढत गेली हे जो सांगतो त्याच्या बाकीच्या शिफारशीही वाचा.

आणि मराठीत आजच सुरुवात करायची असेल तर हृषीकेश गुप्ते. 'अंधारवारी' हा कथासंग्रह आधी, 'दंशकाल' ही कादंबरी नंतर, क्रम उलटा करू नका.