अमेरिकेतून आलेली गाण्यांची व्हीएचएस कॅसेट नागपुरात कशी वाजवायची

आमच्या मामाने टेक्सासहून येताना ब्रुक्स अँड डनच्या गाण्यांच्या व्हिडिओची कॅसेट आणली होती, तेव्हापासून ती घरात आहे. किक्स ब्रुक्स आणि रॉनी डन ही अमेरिकेतल्या कंट्री गाण्यांची जोडी, 1991 मध्ये ब्रँड न्यू मॅन हा पहिला अल्बम आला, 2019 मध्ये कंट्री म्युझिक हॉल ऑफ फेममध्ये गेले. बहुतेक गाण्यांत पुढचा आवाज डनचा आणि ब्रुक्स मागून सूर धरतो, आणि सारी मजा त्या दुसऱ्या आवाजात आहे. म्हणून मी जे सांगतोय त्यात चित्रापेक्षा आवाजाची काळजी जास्त घेतली आहे.

सगळ्यात आधी, कॅसेट मिळाली की लगेच व्हीसीआरमध्ये टाकू नका. प्लीज. कॅसेटच्या कडेला एक छोटं बटण असतं ते नखाने दाबून पुढची झडप उचला, आतली टेप उजेडात बघा, मग खिडकीतून दोन्ही चकत्या बघा. टेपच्या कडांवर पिठासारखी पांढरी भुकटी किंवा जाळं दिसलं तर ती बुरशी आहे. नागपुरात उन्हाळाभर कूलर चालतो, खोलीत ओल राहते, मग लगेच पावसाळा, आणि कॅसेट नेमकी कूलरसमोरच्या शोकेसमध्ये, तर बुरशी येणारच नं! अशी कॅसेट चालवली की बुरशी व्हीसीआरच्या हेडला, म्हणजे टेप वाचणाऱ्या भागाला, लागते आणि तिथून पुढच्या प्रत्येक कॅसेटला. ती वेगळ्या पिशवीत बांधून ठेवा आणि टेप साफ करणाऱ्या माणसाकडेच द्या. बुरशी नाही पण नुसती दमट वाटते तर घट्ट झाकणाच्या डब्यात सिलिका जेलच्या पुड्यांसोबत आठवडाभर ठेवा, उन्हात मात्र वाळवू नका, मे महिन्यातल्या आपल्या गच्चीवर प्लास्टिक वाकडं होतं.

आता मशीन. अमेरिकन कॅसेट एनटीएससी नावाच्या टीव्ही पद्धतीची असते, 525 रेषा आणि सेकंदाला जवळपास 30 फ्रेम, आपली पद्धत पाल (PAL), म्हणजे 625 रेषा आणि 25 फ्रेम. टेपचा वेगही वेगळा, म्हणून फक्त पाल वाचणाऱ्या व्हीसीआरमध्ये चित्र नीट लागतच नाही आणि लोकांना वाटतं कॅसेट गेली. मल्टिसिस्टीम, म्हणजे दोन्ही पद्धती वाचणारा व्हीसीआर शोधा. जुना माल बघायला जाल तेव्हा स्वतःची कॅसेट नेऊ नका, एखादी फुकट गेली तरी चालेल अशी न्या आणि तिच्यावर चालवून बघा. मी पहिल्यांदा घाईत न बघता उचलला होता, घरी आणून लावला तर त्याने एक चांगली लग्नाची कॅसेट चावली, अजून हळहळ वाटते. पुढच्या पट्टीवर हाय-फाय लिहिलंय का तेही बघाच. हाय-फाय आवाज फिरत्या ड्रमवरच्या हेडने वाचला जातो, साधा व्हीसीआर टेपच्या कडेची अरुंद पट्टी वाचतो, त्यात स्टिरिओ बहुतेक मिळत नाही आणि ब्रुक्सचा आवाज गिटारात बुडून जातो. आणि कोणी अमेरिकेतूनच व्हीसीआर आणला असेल तर त्याच्या मागे व्होल्टेज वाचा, 120 व्होल्टचा असेल तर आपल्या 230 च्या प्लगमध्ये थेट लावायचा नाही, जळेल.

हेड साफ करायचा असेल तर वायर काढा, मऊ न उसवणारं कापड आयसोप्रोपाइल अल्कोहोलमध्ये भिजवून ड्रमला नुसतं टेकवून धरा आणि ड्रम वरून बोटाने हळू फिरवा. वर-खाली घासलं की हेड तुटतो. कानात घालायचे कापसाचे बड्स तर अजिबात नाही, धागे अडकतात. पूर्ण वाळल्यावरच वायर लावा.

मग कॅसेट टाकून एकदा शेवटपर्यंत पुढे आणि परत मागे, वर्षानुवर्षं चिकटून बसलेली टेप सुटी होते. किंचाळल्यासारखा आवाज आला तर तिथेच थांबा. प्ले केल्यावर ट्रॅकिंग, म्हणजे हेड टेपवरच्या रेषेवर नेमका बसवायचं बटण, कानाने लावा, म्हणजे चित्र ठीक दिसतंय म्हणून सोडू नका, हाय-फायमध्ये खरखर येत असेल तर अजून थोडं सरकवा, ती बंद झाली की तीच जागा.

कॉम्प्युटरवर घ्यायची असेल तर पिवळी-पांढरी-लाल वायर यूएसबी कॅप्चर कार्डाला, सॉफ्टवेअरमध्ये एनटीएससी, 720 बाय 480, 29.97 फ्रेम. चित्र काळं-पांढरं आलं तर व्हीसीआर पाल 60, म्हणजे पालच्या रंगांत बदललेलं एनटीएससी चित्र, सोडतोय, त्याच्या मागच्या किंवा पुढच्या स्विचवर एनटीएससी करा. चित्र सारखं उजळून अंधारत असेल तर विकतच्या कॅसेटवरचं कॉपी प्रोटेक्शन आहे, तुमच्या मशीनचा दोष नाही, मग ती टीव्हीवरच थेट बघायची. आणि 4:3 चं चित्र ताणून रुंद करू नका, दोघंही बुटके दिसतात.

झालं की कॅसेट पूर्ण मागे गुंडाळून, उभी, कव्हरात, कूलरपासून लांबच्या आलमारीत. आमची आता देवघराच्या शेजारच्या खोलीत आहे, तिथे कूलर नाही, आणि दर दिवाळीच्या साफसफाईत एकदा झडप उचलून बघतो.