वजाबाकीची शाब्दिक उदाहरणं: या चुका टाळा

दुसरी-तिसरीतल्या मुलाचं शाब्दिक उदाहरण चुकलं की आपण लगेच म्हणतो, ‘नीट वाच.’ पुष्कळदा त्यानं ते नीटच वाचलेलं असतं. रागवण्याआधी त्याचं चुकलेलं उत्तर बघा, घोटाळा कुठे झाला ते तिथेच सापडतं.

सगळ्यात नुकसान करणारी सवय मोठ्यांनीच लावलेली असते: ‘एकूण’ आलं की बेरीज, ‘उरले’ आलं की वजाबाकी. आता हे उदाहरण घ्या. ‘मीनाकडे १२ बोरं आहेत. तिच्याकडे सलीमपेक्षा ५ बोरं जास्त आहेत. सलीमकडे किती?’ ‘जास्त’ दिसलं की मूल १७ लिहून मोकळं होतं. उत्तर आहे ७. याच्या उलटही होतं. ‘रवीनं मित्राला ८ गोट्या दिल्या, त्याच्याकडे १५ उरल्या. आधी किती होत्या?’ इथे ‘दिल्या’ आणि ‘उरल्या’ दोन्ही आहेत, तरी करायची बेरीजच. तेव्हा अशा शब्दांची यादी कृपा करून पाठ करून घेऊ नका. पेन्सिल उचलण्याआधी मुलाला गोष्ट त्याच्या शब्दांत सांगू द्या. मग विचारा: बोरं जास्त कोणाकडे? म्हणजे उत्तर १२ पेक्षा मोठं येईल की लहान?

तुलनेची उदाहरणं मुलांना जड जातात, कारण त्यात कोणाचंच काही जात नाही. दोघांचे चिंचोके एकाखाली एक मांडा आणि जोड्या लावा. बिनजोडीचे राहिले तो फरक.

‘वही ३० रुपयांची, जवळ १८ रुपये, आणखी किती हवेत?’ इथे उभी मांडणी करायलाच हवी असा हट्ट नको. १८ वरून २० ला २, पुढे ३० ला १०, झाले १२. दुकानदारही उरलेले पैसे असेच मोजून देतो.

आता आकडेमोड. ५२ − २८ चं उत्तर ३६ आलं, तर मुलानं एककात ८ मधून २ काढले आहेत. ‘नेहमी मोठ्यातून लहान वजा कर’ हे आपलंच वाक्य त्यानं प्रत्येक घराला लावलं. उत्तर ३४ आलं असेल तर चूक वेगळी: दशक सुटा केला, पण ५ चे ४ करायचे राहिले. दोन्हींवर काड्यांचे गठ्ठे हाच उपाय. ५ गठ्ठे, २ सुट्या काड्या. एक गठ्ठा मुलाच्या हातानं सोडवा: ४ गठ्ठे, १२ सुट्या. त्यातून २८ काढा, उरतात २४. ताळा म्हणून २४ मध्ये २८ मिळवून बघायला सांगा.

उदाहरण तोंडी सांगितलं असेल तर मुलानं संख्या कशी लिहिली तेही तपासा. ‘बावन्न’ म्हणताना दोन आधी ऐकू येतात, म्हणून २५ लिहिलं जातं. ‘एकोणचाळीस’चे ४९ होतात. २०१९ मध्ये बालभारतीच्या दुसरीच्या पुस्तकात ‘पन्नास दोन’ अशी वाचनाची रीत आली, तेव्हा मोठा वाद झाला होता. पण अडलेल्या मुलासाठी ती खरंच उपयोगी आहे: आधी ‘पन्नास दोन’ म्हणा, लगेच ‘बावन्न’ म्हणा आणि मग लिहू द्या.