सही कोणाची आहे ते बघा: आर्किटेक्चरमध्ये उतरणाऱ्या विदर्भातल्या मुलींसाठी

नाटा ही प्रवेशपरीक्षा, पाच वर्षांचं बी.आर्क., कौन्सिल ऑफ आर्किटेक्चरची नोंदणी हे तुम्हाला ठाऊक आहेच, त्यात वेळ घालवत नाही. मी यवतमाळ जिल्ह्यातली. नागपुरात नोकरी केली, आता तालुक्याच्या गावातून स्वतःचं ऑफिस चालवते. मला ज्या गोष्टीनं अडवलं ती आधी सांगते.

नोकरीत ड्रॉइंग माझी, साइट माझी, कंत्राटदाराची बिलं तपासायची मीच. ड्रॉइंगच्या कोपऱ्यातल्या माहितीच्या चौकटीत, म्हणजे टायटल ब्लॉकमध्ये, ‘ड्रॉन बाय’समोर माझी आद्याक्षरं आणि खाली सही सरांची. स्वतःचं ऑफिस काढलं, नगरपरिषदेच्या आर्किटेक्टांच्या यादीसाठी, म्हणजे पॅनलसाठी, अर्ज केला, तेव्हा कार्यादेश आणि काम पूर्ण झाल्याचे दाखले मागितले, तेही अर्जदाराच्या नावाने. माझ्याकडे एका ओळीचं अनुभवपत्र होतं: ‘सहायक म्हणून काम केले, वर्तणूक चांगली.’ बरोबरच्या मुलाच्या पत्रात मात्र ‘प्रोजेक्ट आर्किटेक्ट’ लिहिलेलं. पत्र दुरुस्त करून मागितलं तर, ‘आता कशाला?’

म्हणून कळकळीनं सांगते. रुजू होतानाच नेमणूकपत्रातलं पदनाम वाचा. नोंदणी असेल तर ‘असिस्टंट’वर सही करू नका. अनुभवपत्रासाठी नोकरी सोडायची वाट बघू नका. एकेक इमारत पूर्ण झाली की लगेच मागा. त्यात कामाचं नाव, क्षेत्रफळ, खर्च, तारखा आणि तुमची जबाबदारी हवी, लेटरहेडवर, शिक्क्यासह. साइट मीटिंगचं इतिवृत्त स्वतः लिहा आणि त्याच संध्याकाळी सगळ्यांना मेल करा, म्हणजे निर्णय कोणी घेतला हे कागदावर राहतं. मागताना संकोच वाटेल, तरी मागा. आणि नोंदणीचं नूतनीकरण चुकवू नका. १९७२ च्या कायद्यानुसार नोंदणीशिवाय ‘आर्किटेक्ट’ हे नाव लावता येत नाही.

एवढं वाचून घाबरू नका बायांनो, इकडे काम भरपूर आहे. राळेगाव, बाभूळगाव, मारेगाव इथे नगरपंचायती झाल्या. २०२० च्या यूडीसीपीआरनंतर, म्हणजे राज्याच्या एकत्रित बांधकाम नियमावलीनंतर, मुंबई आणि काही भाग सोडले तर राज्यभर नियम बहुतांशी एकच आहेत. ते जाडजूड पुस्तक स्वतः वाचा. यूट्यूबवरचे सारांश मला अजिबात पटत नाहीत. बैठकीत मुख्याधिकारी नियमाचा क्रमांक विचारतात.

गुरू फक्त नागपूर-पुण्याच्या मोठ्या ऑफिसातच सापडतो असंही नाही. पायाचा खड्डा घेतला की आमचे मिस्त्री ढेकूळ ओलं करून बोटांनी चोळायचे. चिकट काळी माती लागली की म्हणायचे, ‘अजून खाली, मुरूम लागू द्या.’ ही माती पावसात फुगते, उन्हाळ्यात भेगाळते आणि भिंतींना तिरप्या चिरा पाडते. पुस्तकात हे सगळं आहे, पण मला ते त्यांच्या हातांमुळे समजलं. सेवाग्रामलाही जाऊन या. बापूकुटी मुळात मीराबेनची झोपडी. मातीच्या भिंती, वर कवेलू आणि सावलीची ओसरी. मे महिन्यात जा, म्हणजे ड्रॉइंगवर काचेच्या दर्शनी भिंती दाखवण्याआधी दोनदा विचार कराल.

कंत्राटदार म्हणेल, ‘मॅडम, तुमी सावलीत बसा ना, आमी करतो.’ बसू नका. लेव्हल ट्यूबचं, म्हणजे पातळी जुळवायच्या पाणी भरलेल्या नळीचं, एक टोक स्वतः धरा, पाणी स्थिर होऊ द्या, खूण तुमच्या हातानं करा. मिस्त्री, सुपरवायझर पुढचे प्रश्न मग सरळ तुम्हालाच विचारतात.

आणि सरकारी कामाचं बिल उशिरा निघतं. पहिला कार्यादेश घेण्याआधी पाच-सहा महिन्यांचा ऑफिसखर्च बाजूला काढून ठेवा.