ईएमटीत सगळ्यात आधी तरंगलांबी विचारा

ईअँडटीसीच्या (इलेक्ट्रॉनिक्स अँड टेलिकम्युनिकेशन) ज्युनिअर मुलांचे मेसेज येतात, त्यात बहुतेकदा एकच प्रश्न असतो: ईएमटीचं, म्हणजे इलेक्ट्रोमॅग्नेटिक थिअरीचं, कुठलं युनिट ऑप्शनला टाकू? माझं उत्तर त्यांना आवडत नाही. ट्रान्समिशन लाइन (केबलमधून सिग्नल लाटेसारखा कसा जातो, ते युनिट) सोडून काय हवं ते टाका, असं मी सांगतो. बऱ्याच ठिकाणी नेमकं तेच युनिट सेमिस्टरच्या शेवटी, सबमिशनच्या धामधुमीत दोन लेक्चरांत उरकतात.

ज्यांचा विषय पुढच्या वर्षी सुरू होणार आहे त्यांनी उलटीकडून सुरुवात करावी. कूलोंबपासून चढत गेलात तर पहिले दोन महिने स्थिर प्रभारांच्या न्यूमेरिकलमध्ये जातात आणि हा विषय वेगळा का शिकायचा तेच कळत नाही. आपल्याकडे केव्हीएल आणि केसीएल (सर्किटमधल्या व्होल्टेज आणि करंटचे किर्चहॉफचे नियम) असताना फील्ड कशाला हवं? उत्तर तरंगलांबीत आहे. घरातल्या 50 हर्ट्‌झच्या विजेची तरंगलांबी 6000 किलोमीटर, म्हणजे भारताची उत्तर-दक्षिण लांबी तिच्या जेमतेम निम्मी. तुमच्या ब्रेडबोर्डवरच्या वायरीच्या दोन्ही टोकांना त्या क्षणी एकच व्होल्टेज असतं, म्हणून सर्किट थिअरी चालते. तेच 2.4 गिगाहर्ट्‌झला तरंगलांबी साडेबारा सेंटीमीटर होते. आता तीन सेंटीमीटरची वायरसुद्धा पाव तरंगलांबीची झाली. तिच्या एका टोकाला व्होल्टेज शिखरावर असताना दुसऱ्या टोकाला शून्य असू शकतं. ‘वायर म्हणजे एक नोड’ हे गृहीतक इथे मोडतं. कुठलाही प्रश्न समोर आला की आधी वस्तूची लांबी भागिले तरंगलांबी काढा. दहाव्या हिश्शापेक्षा बरीच कमी आली तर सर्किट, नाहीतर फील्ड. ढोबळ नियम आहे, पण कामाचा.

हे डोळ्यांनी बघता येतं, आणि त्यासाठी लागणारं सामान प्रत्येक कॉलेजच्या लॅबमध्ये असतं. आरजी-58 कोअ‍ॅक्सियल केबल वीस मीटर, 50 ओहम आउटपुटचा फंक्शन जनरेटर, सीआरओ (सिग्नल पडद्यावर दाखवणारा ऑसिलोस्कोप) आणि एक टी-कनेक्टर. सुमारे 500 किलोहर्ट्‌झचा स्क्वेअर वेव्ह द्या, केबलच्या सुरुवातीलाच सीआरओ लावा आणि दुसरं टोक उघडं ठेवा. व्होल्टेज आधी निम्मंच चढतं, साधारण 200 नॅनोसेकंद तिथे थांबतं, मग पूर्ण होतं. या केबलमध्ये सिग्नल नॅनोसेकंदाला जवळपास 20 सेंटीमीटर धावतो. वीस मीटर जाऊन वीस मीटर परत यायला तेवढा वेळ लागतो. टोक शॉर्ट करा: 200 नॅनोसेकंदांनी व्होल्टेज शून्यावर येतं. टोकाला 50 ओहमचा रेझिस्टर, म्हणजे टर्मिनेशन, लावा: निम्म्यावरच राहतं, परतून काही येतच नाही. रिफ्लेक्शन कोइफिशंटचं, म्हणजे व्होल्टेजचा किती हिस्सा परत फिरतो त्याचं, सूत्र यानंतर पाठ करावं लागत नाही. 100 ओहमचा लोड लावला तर ते एक तृतीयांश येईल, म्हणजे एक नवमांश पॉवर परत फिरेल, हे मनातल्या मनात सुटतं. लॅब असिस्टंटना आधी विचारून घ्या, केबल त्यांच्या कपाटात असते.

इतिहासही याच बाजूने आहे. मॅक्सवेलने 1865च्या शोधनिबंधात विद्युतचुंबकत्वाची वीस समीकरणं मांडली होती. आपण परीक्षेत लिहितो ती चार, व्हेक्टरच्या भाषेतली, 1880च्या दशकात ऑलिव्हर हेविसाइडने बसवली. हा माणूस कॉलेजात गेलाच नाही. तो टेलिग्राफ ऑपरेटर होता आणि लांबलचक केबलमधून सिग्नल जाताना विस्कटतो कसा, या प्रश्नाच्या मागे होता. ट्रान्समिशन लाइनची टेलिग्राफर्स समीकरणंही त्याचीच.

लाइन समजली की मग व्हेक्टर कॅल्क्युलसकडे या. इथे मुलं डेल या व्हेक्टर ऑपरेटरच्या विस्तारात अडकतात: स्फेरिकल कोऑर्डिनेटमधला कर्ल पाठ करत बसतात. त्याला माझा ठाम विरोध आहे. तो तक्ता पुस्तकाच्या शेवटी असतो, कामाच्या ठिकाणीही भिंतीवर चिकटवलेला असतो. त्याऐवजी प्रत्येक समीकरणाचं इंटिग्रल रूप आधी चित्रात काढा. बंद पृष्ठभाग कुठला, त्यातून काय बाहेर जातंय. बंद वाट कुठली, तिच्यातून काय पार होतंय. विशेषतः चार्ज होणारा कपॅसिटर काढा. वायरीभोवती एक वर्तुळ घ्या. त्या वर्तुळावर ताणलेला सपाट पृष्ठभाग वायरीला कापतो, तिथे करंट आहे. त्याच वर्तुळावरचा फुगीर पृष्ठभाग प्लेटांच्या मधून न्या, तिथे प्रभार वाहतच नाही. एकाच वर्तुळाला अँपिअरचा जुना नियम दोन उत्तरं देतो. मॅक्सवेलने घातलेली डिस्प्लेसमेंट करंटची टर्म या विसंगतीवरचा उपाय आहे आणि तिच्यामुळेच रेडिओलहरी शक्य होतात. या एका आकृतीवर एक अख्खी संध्याकाळ घालवली तरी चालेल.

बाउंडरी कंडिशन्स, म्हणजे दोन पदार्थांच्या सीमेवर फील्डने पाळायचे नियम, कंटाळवाण्या वाटतात. तरी वेव्हगाइड, म्हणजे लहरी वाहून नेणारा पोकळ धातूचा पाइप, त्यांच्यातूनच निघतो. मायक्रोवेव्ह लॅबमधला एक्स-बँड बेंच आठवा. आतून 22.86 मिलिमीटर रुंदीचा तो पितळी आयताकृती पाइप 6.56 गिगाहर्ट्‌झच्या खालचं काही पुढे जाऊ देत नाही, कारण धातूच्या भिंतीवर स्पर्शरेषेतलं इलेक्ट्रिक फील्ड शून्यच असावं लागतं आणि त्याहून कमी फ्रीक्वेन्सीची लांब लाट त्या दोन भिंतींमध्ये मावत नाही. 10 गिगाहर्ट्‌झला प्रोब सरकवलात की दोन मिनिमांमधलं (फील्ड सर्वात कमी असलेल्या जागांमधलं) अंतर सुमारे 2 सेंटीमीटर येतं, ते अर्ध्या लाटेएवढं, म्हणजे गाइडमधली तरंगलांबी 4. मोकळ्या हवेत ती 3 असते. मुलं रीडिंग जर्नलमध्ये उतरवतात आणि निघून जातात. तीनाचे चार का झाले हे विचारणारा विद्यार्थी ओरलमध्ये अडकत नाही.

स्किन डेप्थचं, म्हणजे लहर विरण्याआधी पदार्थात किती खोल शिरते त्याचं, एकच गणित करा, पण तीन ठिकाणी. तांब्यात 50 हर्ट्‌झला सुमारे 9 मिलिमीटर, 1 गिगाहर्ट्‌झला 2 मायक्रोमीटर, आणि समुद्राच्या पाण्यात 20 किलोहर्ट्‌झला पावणेदोन मीटर. पाणबुडीशी बोलायला नौदलाला तमिळनाडूत आयएनएस कट्टबोम्मन हे व्हीएलएफ (खूप कमी फ्रीक्वेन्सीचं) केंद्र का उभारावं लागलं, ते शेवटच्या आकड्यावरून कळतं.

जमलं तर 28 फेब्रुवारीच्या विज्ञान दिनाच्या सुमारास नारायणगावजवळ खोडदला जा, जीएमआरटी ही रेडिओ दुर्बीण तेव्हा लोकांसाठी खुली असते. 45 मीटर व्यासाच्या तीस डिश, आणि जवळून पाहिलं तर पत्रा नाही, तारेची जाळी! वारा आरपार जातो, वजन आणि खर्च वाचतो. भोकं सेंटीमीटर-दोन सेंटीमीटरची, आणि ऐकायच्या लहरी वीस सेंटीमीटरपासून पुढच्या. त्या लहरींना ही जाळी आरशासारखीच वाटते.

परीक्षेबद्दल फार सांगण्यासारखं नाही. जुने पेपर सोडवा, उत्तरापुढे एकक लिहा, आणि पॉइंटिंग थिअरम (फील्डमधून ऊर्जा कशी वाहते ते सांगणारा) नीट करा, तो येतोच. गेट या प्रवेश परीक्षेच्या ईसी (इलेक्ट्रॉनिक्स) पेपरलाही हा विषय आहे.

नोकरीत काय उपयोग, हेही मुलं विचारतात. अँटेना आणि रडार हे उघड उत्तर झालं. पुण्यात गाड्यांच्या इलेक्ट्रॉनिक्सची ईएमसी तपासणी (एका उपकरणाच्या लहरी दुसऱ्याला त्रास देतात का, ही) होते, एआरएआय या वाहन संशोधन संस्थेत त्याची लॅब आहे. पण जास्त जागा हाय-स्पीड पीसीबीच्या (सर्किट बोर्डांच्या) कामात दिसतात, आणि तिथल्या मुलाखतीत मी स्वतः विचारतो तो प्रश्न असा: ट्रेसखालच्या (बोर्डावरच्या तांब्याच्या पट्टीखालच्या) ग्राउंड प्लेनला, म्हणजे ग्राउंडच्या सलग तांब्याच्या थराला, मधोमध चीर पाडली तर काय होईल? जास्त फ्रीक्वेन्सीला परतीचा करंट ट्रेसच्या बरोबर खालून वाहतो. चीर आली की त्याला वळसा घ्यावा लागतो, लूप मोठा होतो, बोर्ड रेडिएट करायला लागतो आणि टेस्टमध्ये नापास होतो. बहुतेक उमेदवार ‘ग्राउंड म्हणजे झिरो व्होल्ट, काही फरक नाही’ म्हणतात. मग मी कागद पुढे करतो आणि त्या करंटची वाट काढून दाखवायला सांगतो.