निर्माता होऊ इच्छिणाऱ्यांनी कामाला सुरुवात कोठून करावी

निर्माता म्हणजे पैसे घालणारा माणूस, हा समज अपुरा आहे. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याने चित्रपट तयार करण्याचा पुढाकार आणि जबाबदारी घेणाऱ्याला निर्माता म्हटले आहे. त्या व्याख्येत भांडवलाचा उल्लेख नाही. त्यामुळे गाठीशी पैसा नसलेल्यालाही या व्यवसायात येता येते, मात्र चित्रीकरणाआधीचे करार आणि हिशेब त्याला अधिक चोख ठेवावे लागतात.

कोलकात्याच्या सत्यजित राय चित्रपट आणि दूरचित्रवाणी संस्थेत निर्मितीचा स्वतंत्र अभ्यासक्रम आहे. तो शक्य नसल्यास एखाद्या दैनंदिन मालिकेच्या प्रॉडक्शन विभागात सहायक म्हणून काम धरावे. दिग्दर्शन विभागाचे आकर्षण अधिक असते, पण कॉल शीट (दुसऱ्या दिवशी कोणी, कुठे, किती वाजता यायचे याचा तक्ता), कलाकारांच्या तारखा, रोजच्या खर्चाची व्हाउचर आणि ऐनवेळी पाऊस आला तर कोणता प्रसंग आत घ्यायचा याचा निर्णय, हे सारे प्रॉडक्शन कंट्रोलरच्या, म्हणजे चित्रीकरणाची व्यवस्था आणि खर्च सांभाळणाऱ्याच्या, हाताखालीच शिकता येते.

त्यानंतर पटकथेचे ब्रेकडाउन, म्हणजे प्रसंगवार फोड, स्वतः करून पाहावे. प्रत्येक प्रसंगासाठी स्थळ, दिवस की रात्र, पात्रे, गर्दी, कपडे आणि सामान यांची नोंद करून एका स्थळाचे सर्व प्रसंग एकत्र लावले, की चित्रीकरणाचे दिवस कळतात आणि दिवसांवरूनच खर्च निघतो. पटकथेतील एखादी साधी ओळ येथे महागात पडते. उदाहरणार्थ, बालकलाकार असेल तर जिल्हादंडाधिकाऱ्यांची परवानगी लागते, त्याच्याकडून दिवसाला पाच तासांपेक्षा अधिक काम घेता येत नाही, सलग तीन तासांनंतर विश्रांती द्यावी लागते आणि त्याच्या मानधनातील किमान २० टक्के रक्कम त्याच्या नावे राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत ठेवावी लागते. मूल मुख्य भूमिकेत असल्यास सगळे वेळापत्रक या पाच तासांभोवतीच आखावे लागते.

स्वतःचा चित्रपट करायचा झाल्यास सर्वांत आधी कथेचे हक्क लेखी घ्यावेत. ओळखीच्या लेखकाकडे कागद मागायला अनेकांना संकोच वाटतो, आणि हा संकोच या व्यवसायात फार महाग पडतो. हक्कांच्या करारात मुदत लिहिली नसेल तर कायद्याने ती पाच वर्षेच धरली जाते आणि प्रदेश लिहिला नसेल तर तो भारतापुरता मानला जातो. म्हणजे परदेशातील प्रदर्शनाचा हक्क मिळालेलाच नसतो. तसेच चित्रपटगृहाबाहेरील वापराच्या रॉयल्टीतील गीतकार, संगीतकार आणि लेखकांचा वाटा कॉपीराइट कायद्यातील २०१२ च्या दुरुस्तीनंतर करारानेही काढून घेता येत नाही. जुने नमुने उतरवून केलेल्या करारांत हे मुद्दे हमखास राहून जातात, म्हणून ते वकिलाकडून तपासून घ्यावेत.

पैशाच्या बाबतीत मालिका आणि चित्रपट यांचे गणित वेगळे आहे. मालिकेत वाहिनी दर भागाला ठरलेली रक्कम देते आणि बहुधा मालकीही स्वतःकडे ठेवते. ही रक्कम प्रसारणानंतर काही आठवड्यांनी किंवा महिन्यांनी हाती येते, पण कामगारांचे पैसे त्याआधीच द्यावे लागतात. त्यामुळे कागदावर नफ्यात असलेली संस्थाही मधल्या काळात अडचणीत येऊ शकते. चित्रपटात मालकी निर्मात्याकडे राहू शकते, पण जोखीमही त्याचीच असते. दादासाहेब फाळके यांनी विमा पॉलिसी गहाण ठेवून चित्रपटासाठी पैसा उभा केला, ही गोष्ट आदराने सांगितली जाते. सल्ला म्हणून ती कोणी घेऊ नये. गुंतवणूकदार आणि सहनिर्माते शोधण्यासाठी एनएफडीसीने (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळ) २००७ मध्ये गोव्यात सुरू केलेला फिल्म बाजार (आता वेव्हज फिल्म बाजार) उपयोगी आहे. तेथे जाताना पटकथेबरोबर अंदाजपत्रकही तयार असावे.

प्रसिद्धी आणि प्रदर्शनाचा खर्च चित्रीकरण सुरू होण्यापूर्वीच बाजूला काढावा आणि चित्रीकरण लांबले तरी त्याला हात लावू नये. दर्जेदार मराठी चित्रपटांना राज्य सरकारकडून मिळणारे अर्थसाहाय्य चित्रपट पूर्ण होऊन त्याचे परीक्षण झाल्यावरच मिळते, तेव्हा ते अंदाजपत्रकाच्या जमेच्या बाजूला धरू नये.