मुंबईच्या हवेत सादळणार नाहीत अशी तिळाची बिस्किटं

तिळाचं बिस्किट कुरकुरीत होणं म्हणजे त्यातलं पाणी निघून जाणं आणि मुंबईत ते पुन्हा आत शिरू न देणं. साहित्यापासून डब्याच्या झाकणापर्यंत सगळं याच हिशोबाने करायचं.

पंचवीसेक बिस्किटांसाठी १३० ग्रॅम मैदा, २० ग्रॅम तांदळाचं पीठ, ९० ग्रॅम बटर, ७० ग्रॅम साखर, १०० ग्रॅम पांढरे तीळ, पाव चमचा बेकिंग पावडर आणि एक-दोन चमचे दूध घ्या. तांदळाच्या पिठाने मैद्याचा चिवटपणा कमी होतो, ते वगळू नका. साखर निम्मी पिठी, निम्मी बारीक दाणेदार. नेहमीचं पिवळं बटर मिठाचं असतं, तेव्हा वेगळं मीठ नको.

गूळ घालायचा मोह होतो, विशेषतः संक्रांतीच्या सुमारास. चव सुरेखच येते, पण गूळ हवेतला ओलावा ओढून घेतो. गुळाची बिस्किटं जानेवारीत करावीत आणि दोन दिवसांत संपवावीत. पावसाळ्यात साखरच.

तीळ आधी चावून बघा. तिळात जवळजवळ निम्मं तेल असतं, म्हणून जुने तीळ खवट होतात आणि ती चव कशानेही झाकली जात नाही. चांगले असतील तर ६० ग्रॅम तीळ कोरड्या कढईत मंद आचेवर परता. तडतडायला लागले, हलका रंग आला की लगेच ताटात काढा. कढईत ठेवले तर तिच्या उष्णतेने करपतात. उरलेले ४० ग्रॅम कच्चेच ठेवा. ते बिस्किटाला बाहेरून लावायचे आहेत, ओव्हनमध्ये आपोआप भाजले जातील. आधीच भाजलेले बाहेरून लावले तर कडू होतात.

बटर बोट दाबलं तर खड्डा पडेल इतकं मऊ हवं, वितळलेलं नको. मे महिन्यात ओट्यावर ते बघता बघता पातळ होतं, तेव्हा लक्ष ठेवा. साखर घालून फिकट होईपर्यंत फेसा. दोन्ही पिठं आणि बेकिंग पावडर चाळून घाला, भाजलेले तीळ गार करून घाला आणि बोटांनी फक्त एकत्र करा, मळू नका. गोळा जमत नसेल तरच चमचा-चमचा दूध घाला. मग अर्धा तास फ्रीजमध्ये ठेवा.

ओव्हन दोन्ही कॉइल लावून १६० अंशांवर पंधरा मिनिटं तापवा. मायक्रोवेव्ह असेल तर कन्व्हेक्शनवर, नुसत्या मायक्रोवेव्हवर ही बिस्किटं होत नाहीत. लिंबापेक्षा लहान गोळ्या करा, दुधाचा हात लावा, कच्च्या तिळात घोळवा आणि तळव्याने दाबा. जाडी अर्ध्या सेंटिमीटरपेक्षा जास्त नको: जाड बिस्किट कडेने लाल होतं आणि मधे मऊ राहतं. बटर पेपरवर दोन बोटं अंतर सोडून मांडा. (बटर पेपर, ट्रे, जाळी असं बेकिंगचं सामान क्रॉफर्ड मार्केटला एकाच फेरीत मिळतं.)

मधल्या कप्प्यात १८ ते २० मिनिटं भाजा. कडा सोनेरी झाल्या की बहुतेक जण बिस्किटं बाहेर काढतात. मी तसं करू नका म्हणेन. तापमान १२० वर आणा आणि आणखी दहा मिनिटं आत राहू द्या. रंग फारसा बदलत नाही, पण मधला ओलावा निघून जातो आणि खरा कुरकुरीतपणा येतो. बाहेर काढल्यावर बिस्किटं थोडी मऊच लागतील. ट्रेवर पाच मिनिटं थांबून जाळीवर ठेवा, गार होताना कडक होतात.

कोमट असताना डबा भरला तर झाकणाखाली वाफ धरते. उलट जून ते सप्टेंबर या काळात ती रात्रभर उघडी राहिली तर सकाळी नक्की सादळलेली असतात. म्हणून पूर्ण गार झाली की लगेच घट्ट झाकणाच्या, कोरड्या स्टीलच्या डब्यात भरा. रोजच्या चहासाठी चार-सहा बिस्किटं वेगळ्या लहान डब्यात काढा, म्हणजे मोठा डबा सारखा उघडावा लागणार नाही. एवढं करूनही मऊ पडलीच तर १२० अंशांवर आठ-दहा मिनिटं पुन्हा गरम करा आणि गार होऊ द्या. पुन्हा कुरकुरीत होतात.